घटिकापात्रांतील मोती

गेल्या वैशाखांत आम्ही गंगाखेडास एका लग्नाला गेलों होतों. आमच्या वसतिगृहांत राहणाऱ्या एका विद्यार्थ्याच्या बहिणीचें तें लग्न. घर गोदाकांठापासून फार दूर नव्हतें. लग्न दुपारीं लागलें, पंक्ति उठल्या, आणि वरात चार वाजतां निघावयाची असें ठरलें. आम्ही ओसरीवर बसलों होतों. समोरच्या भिंतीवर लंबकाचें जुनें घड्याळ होतें. त्यांत पावणेचार वाजले होते. बऱ्याच वेळानें पुन्हां मान वर करून पाहिलें, तों पावणेचारच! लंबक स्तब्ध होता. इतक्यांत वरपक्षाच्या मंडळींनीं आपापले मोबाईल काढून पाहिले, "चार वाजून गेले, चला," असें कोणीसें म्हणालें, आणि मोटारी सुरू झाल्या. मुलगी सासरीं गेली. घड्याळ कोणीं थांबविलें तें मागाहून कळलें. सातव्या इयत्तेंत शिकणाऱ्या तिच्या धाकट्या भावानें स्टुलावर चढून लंबक धरून ठेविला होता. ताईची जाण्याची वेळ येऊं नये, एवढाच त्याचा हेतु.

शाळा उघडल्यावर विज्ञानाच्या तासाला तो उभा राहिला व म्हणाला, "गुरुजी, घड्याळ थांबलें तरी वेळ थांबत नाहीं, हें मला कळलें. पण वेळच थांबवील असें यंत्र कोणीं केलें आहे का?" वर्ग हंसला. आम्हांला मात्र हंसूं आलें नाहीं. त्या प्रश्नाचें उत्तर एका तासांत पुरें होण्याजोगें नव्हतें, म्हणून तें येथें लिहून ठेवीत आहों. विद्यार्थ्यांबरोबर त्यांच्या पालकांनींही तें वाचलें तर आम्हांस आनंदच वाटेल.

काळास थांबविण्याची इच्छा कांहीं या मुलाचीच नव्हे. जयद्रथवधाच्या दिवशीं श्रीकृष्णानें सूर्यास झांकून टाकिलें, ही कथा आपल्याकडे लहान मुलांसही ठाऊक असते. यहोशवाच्या युद्धांत सूर्य गिबोनावर व चंद्र अयालोनाच्या खोऱ्यावर थांबून राहिला, असें बायबलाच्या जुन्या करारांत लिहिलें आहे. भागवताच्या नवव्या स्कंधांत ककुद्मी राजाची गोष्ट आहे, ती तर फारच नवलाची. हा राजा आपली कन्या रेवती हिच्यासाठीं वर विचारावयास ब्रह्मलोकीं गेला. तेथें गायन चालूं होतें, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्यानें आपल्या मनांतील वरांचीं नांवें सांगितलीं, तेव्हां ब्रह्मदेव हंसले. कारण तेवढ्या वेळांत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें लोटून गेलीं होतीं. ते वर तर नाहींतच, पण त्यांचे पुत्र, पौत्र व गोत्रेंही उरलीं नव्हतीं. पुढें रेवतीचा विवाह बलरामाशीं झाला. या कथेंत काळ कोणीं थांबविला नाहीं; तो एके ठिकाणीं मंद व दुसरे ठिकाणीं शीघ्र चालला. ही गोष्ट वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. पुढें तिचें काम पडणार आहे.

परंतु यंत्रामुळें वेळ थांबली अशी कथा आपल्या देशांत एकच प्रसिद्ध आहे, व तिचा संबंध महाराष्ट्राशीं जोडला जातो. ती भास्कराचार्य व लीलावती यांची. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ म्हणजे इ. स. १११४ मधला. वयाच्या छत्तिसाव्या वर्षीं, इ. स. ११५० मध्यें, त्यांनीं 'सिद्धांतशिरोमणि' हा ग्रंथ रचिला. चाळीसगांवजवळ पाटण येथें त्यांच्या घराण्याचा शिलालेख आहे. त्यांचा नातू चांगदेव यानें आजोबांचे ग्रंथ शिकविण्यासाठीं तेथें मठ स्थापिल्याचें त्यांत नमूद आहे. कथा अशी सांगतात कीं, लीलावती ही आचार्यांची कन्या. तिच्या पत्रिकेंत वैवाहिक सुख नव्हतें. पित्यानें गणित करून एक असा मुहूर्त काढिला कीं त्या क्षणीं लग्न लागल्यास अरिष्ट टळेल. त्या दिवशीं पाण्याच्या भांड्यांत घटिकापात्र तरंगत ठेविलें. मुलगी कुतूहलानें वांकून पाहूं लागली, तों तिच्या अलंकारांतील एक मोती सुटून त्या पात्रांत पडला आणि तळाच्या छिद्रावर जाऊन बसला. पाणी आंत येण्याचें थांबलें, पात्र बुडेना. सर्वजण वाट पाहत राहिले, आणि मुहूर्त निघून गेला. मग पित्यानें खिन्न होऊन म्हटलें कीं, तुझें नांव चिरकाल राहील असा ग्रंथ मी लिहितों. तोच 'लीलावती' हा पाटीगणिताचा ग्रंथ.

ही कथा भास्कराचार्यांच्या ग्रंथांत नाहीं, हें प्रथम सांगितलें पाहिजे. अकबर बादशहाच्या आज्ञेवरून त्याच्या दरबारचा कवि फैजी यानें इ. स. १५८७ मध्यें 'लीलावती'चें फारसी भाषांतर केलें. त्याच्या प्रस्तावनेंत ती आली आहे. म्हणजे मूळ ग्रंथानंतर चारशें वर्षांहून अधिक काळानें! मूळ ग्रंथांत उदाहरणें घालतांना आचार्य कोठें 'बाले' म्हणून हांक मारतात, तर कोठें 'सखे' म्हणून. त्यावरून लीलावती कन्या होती कीं आणखी कोणी, हें ठरत नाहीं.

आम्हांस या कथेंत एक गोष्ट नेहमीं खटकत आली आहे. सारा दोष जातो तो मुलीच्या कुतूहलाकडे. पात्रांत पाणी कसें चढतें हें पाहावयास ती वांकली, हाच काय तो तिचा अपराध. आम्ही तर म्हणूं कीं वर्गांत अशी वांकून पाहणारी मुलगी असली म्हणजे शिक्षकाचें भाग्य. आणि दुसरें असें कीं, घटिकापात्र थांबलें तरी सूर्य थांबला नव्हता. अंगणांत एक काठी उभी करून तिची छाया मोजली असती, किंवा रात्र असती तर नक्षत्र पाहिलें असतें, तरी वेळ कळली असती. या दोन्ही विद्यांत भास्कराचार्यांहून निष्णात पुरुष त्या काळीं कोण होता? त्यांच्या सिद्धांतशिरोमणींत 'यंत्राध्याय' आहे. त्यांत गोल, शंकु, यष्टि, चक्र, चाप अशीं यंत्रें सांगितलीं असून घटीयंत्रही आहे. आणि शेवटीं त्यांनीं सर्वांत श्रेष्ठ म्हणून सांगितलें तें 'धीयंत्र', म्हणजे बुद्धि. बुद्धिमंताच्या हातीं एक काठी असली तरी पुरे, असा त्यांचा अभिप्राय आहे. असा मनुष्य एका पात्राकडे टक लावून बसेल व मुहूर्त घालवील, हें आम्हांस पटत नाहीं.

आतां हें घटिकापात्र म्हणजे काय तें पाहूं. तांब्याचें अर्धगोल पात्र, त्याच्या तळाशीं बारीक छिद्र. तें मोठ्या भांड्यांतील पाण्यावर सोडलें कीं छिद्रांतून पाणी हळूहळू आंत येतें, आणि पात्र भरून बुडतें. एकदां बुडण्यास लागणारा वेळ ती एक घटिका. अहोरात्रांत साठ घटिका, म्हणून एक घटिका आजच्या मापानें २४ मिनिटांची. घटिकेचीं साठ पळें, म्हणजे एक पळ २४ सेकंदांचें. दोन घटिकांचा एक मुहूर्त, साडेसात घटिकांचा एक प्रहर. पात्रापाशीं एक मनुष्य बसविलेला असे; बुडतांच तो तें उचलून रिकामें करी, पुन्हां पाण्यावर ठेवी, व टोला देई. ज्यावर टोला द्यावयाचा त्या धातूच्या जाड थाळीस 'तास' म्हणत. आपल्या शाळेंत मराठीचा 'तास', गणिताचा 'तास' म्हणतात तो शब्द हाच. 'घटकाभर बसा' असें आपण पाहुण्यास म्हणतों, आणि एखाद्याची 'घटका भरली' असें हलक्या आवाजांत बोलतों, तेव्हां तें बुडणारें पात्रच आपल्या भाषेंत तरंगत असतें. ज्यांच्या घरीं लग्नांत अजून घटिकास्थापना होते, त्यांनीं तें पात्र अवश्य हातांत घेऊन पाहावें.

पात्र किती वजनाचें, छिद्र केवढें, याचीं मापें जुन्या ग्रंथकारांनीं दिलीं आहेत. दहा पळें वजनाचें तांबें घ्यावें, सोन्याच्या अमुक लांबीच्या तारेनें भोंक पाडावें, असा तो विधि. येथें 'पळ' हें वजनाचें माप आहे, काळाचें नव्हे. भास्कराचार्यांनीं हीं मापें मानलीं नाहींत. तीं युक्तीस धरून नाहींत आणि तशीं साधतही नाहींत, असें त्यांचें म्हणणें. त्यांची रीति सोपी आहे. कसेंही पात्र घ्या, एका अहोरात्रांत तें किती वेळां बुडतें तें मोजा, आणि त्या संख्येनें अहोरात्रास भागा. तें त्या पात्राचें मान. प्रयोगशाळेंत आपण उपकरण पडताळून घेतों, तेंच हें. आठशें वर्षांपूर्वींचें हें वाक्य आजच्या विज्ञानशिक्षकानें लिहिलें असतें तरी शोभलें असतें.

पात्रास मोत्याचीच गरज आहे असेंही नाहीं. श्रावणभाद्रपदांत गोदेचें पाणी गढूळ असतें. तें न गाळतां घेतलें तर गाळाचा एक कणही छिद्र अर्धें बुजवितो आणि घटिका लांबते. थंडीच्या दिवसांत पाणी किंचित् दाट होतें, त्यामुळें बारीक छिद्रांतून तें सावकाश शिरतें. म्हणजे पौषांतील पहांटेची घटिका वैशाखांतील दुपारच्या घटिकेहून थोडी मोठी भरेल. काळ वाढला काय? नाहीं. पाणी बदललें.

गंगाखेडाच्या वेळेविषयीं एक गंमत येथें सांगून टाकतों. भारताची प्रमाणवेळ ८२॥ पूर्व रेखांशावरून धरलेली आहे. गंगाखेड सुमारें ७६॥। रेखांशावर. फरक ५॥। अंशांचा, एका अंशास चार मिनिटें, म्हणून २३ मिनिटें. म्हणजे गंगाखेडच्या घरोघरीं जीं घड्याळें आहेत, तीं त्या गांवच्या सूर्यापेक्षां जवळजवळ एक घटिका पुढें आहेत! घड्याळांत बारा वाजतात, तेव्हां मध्यान्ह व्हावयास सरासरीनें २३ मिनिटें उरलेलीं असतात. (सरासरीनें म्हणण्याचें कारण, वर्षभरांत सूर्य स्वतः कधीं पाव तास पुढें, कधीं मागें असतो.) मुंबई व गंगाखेड हीं दोन्ही जवळजवळ एकाच अक्षांशावर आहेत; त्यामुळें मुंबईचा सूर्योदय दिलेलें पंचांग पाहून चालणाऱ्या गंगाखेडकराचा सूर्य नेहमींच पंधरा-सोळा मिनिटें आधीं उगवतो.

ही प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली. मुंबईकरांस ती रुचली नाहीं. त्यांची जुनी वेळ हिच्या ३९ मिनिटें मागें होती. ती शहरांत पुष्कळ ठिकाणीं १९५५ पर्यंत टिकली. आमचीं ३९ मिनिटें कां काढून घेतां, अशी ती भावना. पुढें दुसऱ्या महायुद्धांत, १९४२ च्या सप्टेंबरापासून १९४५ च्या ऑक्टोबरापर्यंत, सरकारनें सगळ्या घड्याळांचे कांटे एक तास पुढें सरकविले. एवढें होऊनही गाईंच्या धारांची वेळ बदलली नाहीं आणि जात्यावर बसणाऱ्या बायांची पहांटही बदलली नाहीं. गंगाखेड हें संत जनाबाईंचें जन्मस्थान. त्यांच्या दळणकांडणास ना घड्याळ लागलें ना प्रमाणवेळ.

आतां मूळ प्रश्न. घड्याळ नव्हे, खुद्द काळच थांबविणारें यंत्र असलें तर? कथालेखकांनीं अशीं यंत्रें व औषधें पुष्कळ कल्पिलीं आहेत. इंग्रज लेखक वेल्स याच्या १९०१ च्या एका कथेंत एक रसायन आहे. तें प्यालें कीं मनुष्य इतका शीघ्र होतो कीं सभोंवतालचें जग थिजल्यासारखें दिसतें. परंतु त्या वेगानें चालतांना हवेच्या घर्षणानें त्याचे कपडे करपूं लागतात. कल्पित कथेंतही लेखकानें पदार्थविज्ञान सोडलें नाहीं, म्हणून ती आम्हांस आवडते. आपण याच्या पुढें एक पाऊल जाऊं. समजा, यंत्राची कळ दाबली आणि जग पूर्णपणें थांबलें. मग प्रकाशही थांबला. दिवा आहे, पण त्याचा किरण डोळ्यापर्यंत येत नाहीं. हवा थांबली, म्हणजे ती छातींत शिरत नाहीं, आणि शब्द कानापर्यंत पोंचत नाहीं. आमच्या विद्यार्थ्यानें पावणेचारास काळ खरोखरच थांबविला असता, तर त्याची ताई ओसरीवर उभी राहिली असती हें खरें. पण ती त्याला दिसली नसती, आणि तिनें त्याला हांक मारली असती तर ती ऐकूं आली नसती. हें आम्हीं वर्गांत सांगितलें, तेव्हां तो बराच वेळ कांहीं बोलला नाहीं. मग म्हणाला, "थांबवूं नये. पण हळूं तर करतां येईल?"

हा प्रश्न मात्र पहिल्याहून चांगला. कारण त्याचें उत्तर 'होय' असें आहे. आइन्स्टाइन यानें १९०५ मध्यें दाखविलें कीं, वेगानें जाणाऱ्या वस्तूचा काळ स्थिर असलेल्याच्या हिशेबानें मंद चालतो. आपल्या मोटारीच्या किंवा आगगाडीच्या वेगास हा फरक जाणवणार नाहीं इतका सूक्ष्म असतो. पण निसर्गांत एक अतिवेगवान घड्याळ आहे. आकाशांतून येणारे विश्वकिरण वातावरणाच्या वरच्या थरांवर आदळतात, तेव्हां सुमारें पंधरा किलोमीटर उंचीवर 'म्युऑन' नांवाचे कण उत्पन्न होतात. त्यांचें सरासरी आयुष्य सेकंदाच्या दहा लाख भागांपैकीं सुमारें २.२ भाग. तेवढ्या वेळांत प्रकाशाच्या वेगानेंही फार तर ६६० मीटर अंतर कापलें जाईल. मग हे कण वाटेंतच संपावयास नकोत काय? पण ते जमिनीपर्यंत येतात. वाचकांच्या तळहातांतून या क्षणींही ते जात आहेत. याचा अर्थ, त्यांचें घड्याळ आपल्या घड्याळाच्या मानानें मंद चालतें.

येथें एका मुंबईकराचें नांव घेतलें पाहिजे. होमी भाभा यांचा जन्म १९०९ मध्यें मुंबईंत झाला. ते केंब्रिजमध्यें संशोधन करीत असतां, १९३८ मध्यें, 'नेचर' या नियतकालिकांतील एका छोट्या पत्रांत त्यांनीं हें सुचविलें कीं, विश्वकिरणांतील या नव्या कणाचें आयुष्य त्याच्या वेगामुळें लांबलेलें दिसावें, आणि त्यावरून सापेक्षतेची परीक्षा करतां यावी. त्या वेळीं ते अवघे अठ्ठावीस वर्षांचे होते. पुढें तीनच वर्षांनीं रॉसी व हॉल यांनीं अमेरिकेंत उंच डोंगरावर व त्याहून खालच्या ठिकाणीं हे कण मोजून तशीच गोष्ट पडताळली. १९७१ मध्यें तर अणुघड्याळें प्रवासी विमानांतून पृथ्वीभोंवतीं फिरविलीं. पूर्वेकडे गेलेलीं घड्याळें घरच्या घड्याळापेक्षां सुमारें ५९ अब्जांश सेकंद मागें पडलीं. गुरुत्वाकर्षणानेंही काळ मंद होतो. माडीवरील घड्याळापेक्षां तळमजल्यावरील घड्याळ अत्यल्प कां होईना मागें चालतें. कोल्हापुरांत जन्मलेले डॉ. जयंत नारळीकर यांनीं १९७४ मध्यें याच तत्त्वावर 'कृष्णविवर' ही कथा लिहून मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठीं टोपणनांवानें पाठविली, व तिला पारितोषिक मिळालें. आमच्या शाळेच्या वाचनालयांत त्यांचा 'यक्षांची देणगी' हा कथासंग्रह आहे. मुलांनीं तो मागून घ्यावा.

पण या मंदावण्याचा लाभ कोणास? म्युऑन कणाला विचारलें तर तो म्हणेल, "मला तर माझे ते २.२ भागच मिळाले. वाटच आंखूड झाली." त्याला स्वतःला एक क्षणही अधिक लाभत नाहीं. अधिक दिसतें तें बाहेरून पाहणाऱ्यास. ककुद्मीला तरी ब्रह्मलोकीं काय अधिक मिळालें? त्याचें तें क्षणभरच गायन होतें. युगें लोटलीं तीं मागें राहिलेल्यांचीं.

वर्गानें यानंतर घटिकापात्रें करावयास घेतलीं. कोणी तांब्याची वाटी आणली, कोणी पितळेची. एकानें नारळाची करवंटी घासून आणली, आणि तीही ठीक चालली. पहिलीं पात्रें बहुतेक फारच लवकर बुडालीं. छिद्रांत मेण भरून तें पुन्हां सुईनें टोंचावयाचें, पुन्हां बुडवावयाचें, असे चार दिवस गेले. आमच्या विद्यार्थ्याची वाटी घरच्या देवघरांतली होती. ती २४ मिनिटांस बरोबर आली, तेव्हां त्यानें ती फडक्यांत गुंडाळून पेटींत ठेविली आणि दिवाळीच्या सुट्टींत गंगाखेडास नेली. भाऊबिजेस ताई आली होती. परळीकडे जाणाऱ्या तिच्या गाडीस एक तास होता; त्यानें घंगाळांत पाणी घेतलें, वाटी सोडली, आणि अडीच घटिका दोघें तिच्यापाशीं बसून होतीं. दुसऱ्यांदां वाटी बुडाली ती ताईनेंच उचलून पुन्हां पाण्यावर ठेविली, असें त्यानें आम्हांस सांगितलें. ओसरीवरचें घड्याळ आतां चालूं आहे.